उसवून सांगा

आज मी जो काही आहे, तो शौकतमामांमुळे. तळेगाव ढमढेऱ्यात, बाजाराच्या वाटेवर त्यांचं टेलरिंगचं दुकान आहे. अख्ख्या गावात विनोद न समजणारा हा एकच माणूस, अशी त्यांची ख्याती.

सगळेच विनोद नव्हेत. एरवी मामा असे हसतात की मशीनवरचा पाय थांबतो. पण कुणाला बोचेल असं कुणी बोललं, की ते गळ्यातली टेप काढून ठेवतात, चेहरा अगदी भाबडा करतात आणि म्हणतात, "न्हाई समजलं. जरा उसवून सांगा."

एकदा सोसायटीचे चेअरमन आप्पा शर्टाचं माप द्यायला आले. मामांचा एक डोळा तिरका. आप्पा दुकानभर ऐकू जाईल असं म्हणाले, "मामा, डोळा तिरका आन् शिलाई सरळ, हे जमतं कसं?"

चार जण हसले. मामांनी टेप काढली.

"न्हाई समजलं, आप्पा. उसवून सांगा."

"आवं म्हंजी... डोळा तुमचा तिरका हाय."

"व्हय, हाय."

"आन् शिलाई सरळ हाय."

"तीबी हाय. मग हसायचं कुठं?" मामांनी कापडावर खडू टेकवला. "जागा सांगा, खूण करून ठेवतो."

आप्पांनी इकडंतिकडं पाहिलं. "शर्ट कवा मिळंल?"

आणखी एकदा एक सासूबाई नव्या सुनेला घेऊन आल्या. "हिच्या रंगावर कंचा ब्लाउज दिसायचा, मामा? अंधारात अंधार!" सून पायाच्या नखांकडे बघत राहिली. मामांनी इतक्या नम्रपणे चार वेळा "उसवून सांगा" म्हटलं, की शेवटी सासूबाईच पुटपुटल्या, "म्हंजी... गुलाबी चांगला दिसंल."

"हां, आता समजलं!" मामांनी वहीत लिहिलं, गुलाबी.

आमच्या घरातला पहिला पदवीधर मी. मुलाखतीचे कपडे मामांनीच शिवले आणि खिशात हे वाक्यही घालून दिलं. एक साहेब माझ्या 'हाय-न्हाई'ला हसले. "शेतातून थेट इकडंच आलास का?" मी म्हणालो, "सर, समजलं नाही. जरा सांगता का?" साहेबांनी चष्मा पुसला आणि दुसरा प्रश्न विचारला. नोकरी लागली. कंपनीजवळ, कारेगावात खोली घेतली.

गेल्या महिन्यात कंपनीतल्या दोन मित्रांना घेऊन मामांकडे गेलो. एकाचं लग्न ठरलं होतं, त्याच्या कपड्यांचं माप द्यायचं होतं. मित्रांसमोर मला हुशार दिसायचं होतं. म्हणालो, "मामा, साऱ्या पंचक्रोशीतल्या नवरदेवांची मापं घेतलीत. तुमचं माप घ्यायला कुणीच आलं न्हाई व्हय?"

मित्र खदाखदा हसले. टेप आता निघेल म्हणून मी बघत होतो. ती निघाली नाही. मामाही हसले. "न्हाई रं, कुणीच आलं न्हाई," म्हणाले आणि नवरदेवाच्या कमरेचं माप दुसऱ्यांदा घेतलं. मग तिसऱ्यांदा.

गावभरचे विनोद ज्यांना समजत नाहीत, त्यांना माझा एका झटक्यात समजला.

फोन करायचा धीर झाला नाही. म्हणून हे पत्र पाठवलं:

"मामा, सलाम. तुम्ही विचारलं नाहीत, तरी उसवून सांगतो. तुम्ही एकटे आहात, हे मला ठाऊक होतं. ईदला शिरखुर्म्याचं पातेलं घेऊन तुम्ही आमच्याकडे येता आणि आमच्याच ओट्यावर बसून खाता, ते का, हेही ठाऊक होतं. मित्रांनी हसावं म्हणून मी नेमकं तेच काढलं. त्या विनोदाच्या आत एवढंच होतं. हसायची जागा मलाही सापडली नाही. रविवारी त्याच दोघांना घेऊन कपडे न्यायला येतो. टेप काढून ठेवा आणि त्यांच्यासमोर मला विचारा. तुमचा, संदीप."