नोराबाईंची माणसं

"मेक्सिको इथून किती दूर पडते?" गुरुनाथरावांनी नाश्त्याच्या टेबलावर विचारलं, तेव्हा मुकुलला बरंच वाटलं. अकोटहून डब्लिनच्या सँडीफोर्ड उपनगरात मुलाकडे आल्यापासून बाबांनी आपण होऊन काही विचारण्याची ही पहिलीच वेळ होती. सकाळी अंघोळ करून मंकी कॅप घालायची, खिडकीपाशी खुर्ची ओढायची आणि खालून येणाऱ्या-जाणाऱ्या ट्राम पाहत बसायचं, हा त्यांचा दिनक्रम. जेवायला काय करू म्हणून सुनेने, स्वरूपाने विचारलं तर "काहीही". फिरायला जायचं का म्हणून मुकुलने विचारलं तर "पाऊस आहे". आणि पाऊस नाही असा दिवस नसायचाच.

मेक्सिकोचं कारण आदल्या संध्याकाळी टीव्हीवर होतं. गुरुनाथरावांनी सारी हयात शाळेत इतिहास शिकवला. पुस्तकात माया संस्कृतीवर अर्धं पान होतं आणि एक काळपट चित्र, ज्यात पिरॅमिड कोणता आणि झाड कोणतं हे मुलांना बोट ठेवून दाखवावं लागे. ते पिरॅमिड आता टीव्हीवर रंगीत दिसले, त्यांच्या पायऱ्या दिसल्या, गाइडच्या मागून चढणारी माणसं दिसली. परदेशात आलोच आहोत तर हेही पाहून घेऊ, असा त्यांचा साधा हिशेब होता.

मुकुलने विमानाचे तास सांगितले, व्हिसाचं सांगितलं. बाबांनी ऐकून घेतलं. "मंग आलो कायले इतक्या दूर," एवढंच म्हणाले आणि खुर्ची खिडकीकडे वळवली.

खरं तर ते कशाला आले होते हे दोघांनाही ठाऊक होतं. मागच्या पौषात मुकुलची आई गेली. तो मिळेल त्या विमानाने निघाला, पण दिल्लीत धुक्याने अडकला, नागपूरचं विमान रद्द झालं, आणि तो अकोटला पोचला तेव्हा सगळं आटोपलं होतं. अग्नी बाबांनीच दिला होता. दारात मुलाला पाहून ते म्हणाले होते, "हातपाय धू. चहा घे." त्यानंतर त्या विषयावर दोघांत एक शब्द झाला नव्हता. बाबांनी आपल्याला माफ केलेलं नाही, असं मुकुलने धरून ठेवलं होतं, आणि तीन महिन्यांसाठी त्यांना इकडे आणून तो त्या गप्पपणाला रोज तिन्हीत्रिकाळ जेवू घालत होता.

"मेक्सिको राहू दे," स्वरूपा रात्री म्हणाली. "इथलंच काहीतरी जुनंपुराणं दाखव त्यांना. या देशात पडक्या भिंतींना काही तोटा आहे का?"

म्हणून मुकुलने शनिवारची एक दिवसाची सहल काढली. बस, गाइड, काउंटी मीथमधली पाच हजार वर्षांपूर्वीची थडगी, मग एका जुन्या मठाचे अवशेष, शेवटी किल्ला. मायांच्याही कितीतरी आधीचं आहे हे सगळं, असं त्याने बाबांना पटवलं. लेक रेवाची मॅच होती, म्हणून ती आणि स्वरूपा मागे राहिल्या. शनिवारी सकाळी बापलेक डब्लिनच्या भुरभुर पावसात बसमध्ये चढले. गाइडचं नाव डेक्लन. गोल चेहऱ्याचा, उत्साही माणूस. त्याने दारातच प्रत्येकाच्या हातात कंपनीची एकेक काळी छत्री दिली आणि आजचा दिवस ग्रँड जाणार असल्याची ग्वाही दिली.

दिवस ग्रँड जाण्याची चिन्हं नव्हती. डेक्लन माइकवर विनोद सांगे, बस हसे, आणि मुकुल तो विनोद मराठीत बाबांना सांगे. मराठीत येईपर्यंत त्यातलं हसू कुठेतरी गळून पडलेलं असे आणि नुसती हकिगत उरे. बाबा ती गंभीरपणे ऐकून "बरं" म्हणत. टेकडीवरच्या थडग्यापाशी तर पंचाईतच झाली. टीव्हीवरच्या पायऱ्या, कोरलेले राक्षस, आकाशात घुसलेली शिखरं यांच्याऐवजी समोर दगडांचा एक बुटका ढीग होता.

"याच्यावर गवत आहे," बाबा म्हणाले.

पाच हजार वर्षांत गवत उगवणारच, असं मुकुलने सांगून पाहिलं.

"मायांच्यावर तं जंगल होतं," बाबा म्हणाले. "त्यायनं काढलं."

मठापाशी पोचले तेव्हा पाऊस वाढला होता. मठाचं छप्पर कधीच गेलेलं. उरलेल्या भिंतींमध्ये आणि भोवताली कबरी होत्या, काही झिजून सपाट झालेल्या, काही अगदी चकचकीत नव्या. गावाची दफनभूमी अजून तीच होती. डेक्लनने तासाभराने बसपाशी यायला सांगून सगळ्यांना मोकळं सोडलं. बाबांना मधुमेह, त्यातून गारठा. त्यांनी करंगळी वर केली. डेक्लनने भिंतीपलीकडचं नवं चर्च दाखवलं. तिथे सोय होती, पण बाबांना वेळ लागला, आणि दोघं बाजूच्या दाराने बाहेर आले तेव्हा आपली मंडळी कुठेच दिसेनात.

मग पडक्या कमानीपलीकडे मुकुलला काळ्या छत्र्यांचा एक घोळका दिसला. मधोमध कुणीतरी हलक्या आवाजात बोलत होतं. त्याने बाबांचा हात धरला, चिखलातून वाट काढली आणि दोघं घोळक्याच्या मागे जाऊन उभे राहिले. स्थानिक गाइड असावा, असं त्याला वाटलं. शब्द नीट ऐकू येत नव्हते, तेव्हा त्याने आपल्या अंदाजाने भाषांतर सुरू केलं, की इथे साधू राहत असत आणि म्हणून सगळे शांतता पाळत आहेत.

बाबा टाचा उंचावून पाहत होते. त्यांनी सावकाश मंकी कॅप काढून खिशात ठेवली.

"मुकुल," ते म्हणाले, "हे मयत आहे."

मुकुलने छत्री वर केली. समोर उघडी कबर होती, शेजारी लाकडी पेटी, आणि बोलणारा माणूस गाइड नसून पाद्री होता. मुकुलने घाईने छत्री खाली ओढली. त्याने बाबांची बाही ओढली, पण ते हलेनात. "मयतीतून असं अर्ध्यातून जात नसतेत," ते खालच्या आवाजात म्हणाले. "येऊन उभं राह्यलो ना, आता मातीपर्यंत थांबा लागते."

तरीही मुकुल मागे वळला, आणि तिथेच खिळला. मागून त्यांच्या बसमधलं टेक्सासचं जोडपं येत होतं. मंकी कॅपवाल्या आजोबांना त्यांनी लांबूनच ओळखलं होतं आणि आजोबा जिथे तिथे आपला ग्रुप, असा तर्क केला होता. त्यांच्यामागे चार जर्मन बायका होत्या, आणि त्यांच्यामागे ज्यांना पाऊस लागत होता आणि इतर कुठेच गर्दी दिसत नव्हती ती सगळी मंडळी. दहा-बारा छत्र्यांच्या चाळीस झाल्या. पुढे आलेल्यांना पेटी दिसे, त्यांचे चेहरे पडत, आणि मागच्यांनी वाट अडवल्यामुळे ते तसेच पडल्या चेहऱ्याने उभे राहत. टेक्सासच्या बाई तर रडूच लागल्या. त्यांना कुठल्याही अंत्यविधीत रडू येत असे.

मुकुलच्या शेजारी ब्रीजी नावाची एक म्हातारी बाई उभी होती. पेटीतल्या बाईची ती शेजारीण. तिने मान जवळ आणून सगळं सांगून टाकलं. नोरा गेली. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली, जवळचं कुणी उरलं नव्हतं, कधी कुणाकडे गेली नाही की आली नाही. दहा माणसं जमली तरी पुष्कळ, असं गावाला वाटत होतं. आणि तो पुढे उभा आहे ना, तो तिचा मुलगा कॉनर. ऑस्ट्रेलियाहून निघाला, वाटेत विमान रखडलं, सकाळी पोचला तेव्हा पेटी बंद झाली होती. आईचं तोंडसुद्धा बघायला मिळालं नाही बिचाऱ्याला.

मुकुलने सवयीने भाषांतर सुरू केलं. अर्ध्यात त्याचा आवाज बारीक झाला. बाबांनी मान हलवली.

विधी संपला. माती लोटताना बाबांनी पुढे होऊन एक मूठ माती टाकली, हात जोडले, आणि कुणी काही म्हणण्याआधी जर्मन बायकांनीही तसंच केलं, कारण तसंच करायचं असतं असं त्यांना वाटलं. मग कॉनरला हस्तांदोलन करायची रांग लागली. त्या रांगेतून बाहेर पडायला एका बाजूला भिंत होती आणि दुसऱ्या बाजूला उघडी कबर. प्रत्येक जण पुढच्याचं ऐकून "सॉरी फॉर युअर ट्रबल" हे तिथलं सांत्वनाचं ठरलेलं वाक्य म्हणे. टेक्सास म्हणालं, जर्मनी म्हणाली. दुःखाने आधीच भांबावलेला कॉनर हे चेहरे पाहून आणखी भांबावला आणि प्रत्येकाला इतक्या लांबून आल्याबद्दल धन्यवाद देऊ लागला.

याच वेळी बसपाशी न परतलेली आपली माणसं शोधत डेक्लन तिथे धावत आला. भिंतीवरून त्याने पाहिलं, त्याचं तोंड उघडं राहिलं. पण तो आयरिश माणूस होता. त्याने टोपी काढली, छातीवर क्रॉसची खूण केली आणि मुकाट्याने रांगेच्या शेवटी जाऊन उभा राहिला.

मुकुलची पाळी आली. तो ठरलेलं वाक्य म्हणून सटकणार होता, पण बाबांनी कॉनरचा हात आपल्या दोन्ही हातांत धरला.

"याले सांग," ते म्हणाले.

"बाबा, मागे लोक आहेत."

"सांग याले. म्हणा, उशीर झाला म्हणून मनाले लावून घेऊ नको. तिनं वाट पाह्यली, मंग तिचं होत नव्हतं म्हणून गेली. तुझ्यावर रुसून नाही गेली." बाबा थांबले. पावसाचं पाणी त्यांच्या भुवयांवरून गळत होतं. "आणि म्हणा, बापही रागावला नाही. त्याले फक्त काय बोलावं थे समजलं नाही."

कॉनर मुकुलकडे पाहत उभा होता. मुकुलने तोंड उघडलं. पहिलं वाक्य इंग्रजीत बरं गेलं, दुसरंही कसंबसं गेलं. तिसऱ्याला "युअर फादर" एवढं म्हणून तो थांबला, आणि त्या ओल्या दफनभूमीत, अनोळखी माणसांच्या रांगेत, त्याला असा हुंदका आला की छत्री हातातून पडली. कॉनरला त्यातलं किती कळलं कोण जाणे. त्याचे वडील तर कधीच गेलेले होते. पण त्याने मुकुलला मिठी मारली, आणि दोघे उशिरा पोचलेले मुलगे बराच वेळ तसेच उभे राहिले. बाबा खाली वाकून छत्री उचलत होते.

किल्ला राहिलाच. कॉनरने गावातल्या हॉटेलात चहा आणि सँडविच सांगून ठेवली होती. आईच्या नावाला कमीपणा नको म्हणून त्याने जरा जास्तच सांगितली होती आणि आता ती वाया जाणार हे त्याच्या मनाला खात होतं. त्याने सगळ्या बसलाच बोलावलं. नाही म्हणायचं धाडस डेक्लनला झालं नाही. काळवंडलेल्या त्या हॉलमध्ये चाळीस माणसं हळू आवाजात चहा पीत बसली. कॉनर टेबलाटेबलावर जाऊन आईबद्दल विचारे, आणि तिला कधीही न पाहिलेली माणसं प्रामाणिकपणे सांगत, की त्या फार शांत वाटल्या.

ब्रीजी मात्र काही खात नव्हती. कोपऱ्यात बसून ती एकटक गुरुनाथरावांकडे पाहत होती. तिने एकेक गोष्ट मनात जोडत आणली होती. हिंदुस्थानातून आलेला हा म्हातारा. त्याने कबरीपाशी काढून ठेवलेली टोपी. पुढे होऊन, हात जोडून टाकलेली ती मूठभर माती. आणि तो मुलगा, तो तर कॉनरच्या गळ्यात पडून 'फादर' म्हणून रडला होता. अखेर ती उठली, त्यांच्या टेबलाशी आली आणि नोराची आणि तुमची ओळख कधीची, असं तिने विचारलं.

मुकुलने बाबांना विचारलं. बाबा म्हणाले, आजचीच. मुकुलने तसंच सांगितलं.

ब्रीजीने समजूतदारपणे मान हलवली. माणसं असंच सांगणार, हे तिला ठाऊक होतं. तिने खुर्ची ओढली, बाबांच्या हातावर आपला सुरकुतलेला हात ठेवला आणि खूप हळू एक वाक्य बोलली. मग डोळे पुसत उठून गेली, ती थेट हॉलच्या पलीकडच्या टोकाला, जिथे गावातल्या उरलेल्या बायका मान वळवून वाटच पाहत होत्या.

"काय म्हणे?" बाबांनी विचारलं.

मुकुलने ब्रीजीकडे एकदा वळून पाहिलं. मग त्याने जसंच्या तसं सांगितलं. "म्हणाल्या, नोरा तुमच्याबद्दल कधी एक शब्द बोलली नाही."

बाबांनी सँडविचचा उरलेला तुकडा बशीत ठेवला. खिडकीबाहेर पाऊस पडत होता. ते त्याकडे पाहत राहिले, आणि पौषानंतर पहिल्यांदाच मुकुलच्या आईचा विषय थेट त्यांच्या तोंडून निघाला.

"आमची बी नव्हती बोलत," ते म्हणाले.