चर्चा करावी

अधीक्षकांना निवृत्त होऊन दोन वर्षं झाली, तरी त्यांची पेन्शन अजून प्रक्रियेत होती. प्रक्रिया म्हणजे काय, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. अठ्ठावीस वर्षं त्यांनी दुसरं काही केलंच नव्हतं.

इकडे बायकोच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू पिकला होता. ऑपरेशन "पेन्शन आली की" करायचं ठरलं होतं. तोवर ती साखर समजून चहात मीठ घाली, आणि अधीक्षक तो मुकाट्याने पीत. तक्रार करायला तोंड उरलं नव्हतं.

ऑफिसात गेलं की पेन्शनच्या टेबलावरच्या बाई म्हणत, "फाइल वर आहे, साहेब."

"वर म्हणजे कुठे?"

"ते नाही सांगता येत. बाहेरच्या माणसाला फाइलीची माहिती द्यायची नाही, असं परिपत्रक आहे."

"माहीत आहे. मीच काढलंय ते," अधीक्षक म्हणाले, आणि तशाही अवस्थेत त्यांना जरा बरं वाटलं.

शेवटी ते कोर्टात गेले. मेव्हणा वकील होता. तो फी घेत नसे, आणि कामही त्याच मानाने करी. एका तारखेला ऑफिसचा वकील आजारी पडला. पुढच्या तारखेला फाइल आजारी पडली, म्हणजे तिची पानं सुटली. पाचव्या तारखेला न्यायाधीश वैतागले आणि म्हणाले, "मूळ फाइल आणा. आजच."

दुपारी टेबलावरच्या बाई फाइल छातीशी धरून आल्या. ऑफिसच्या वकिलाने ती उघडली. "सगळी कागदपत्रं पूर्ण आहेत. फक्त शेवटच्या पानावर शेरा आहे, 'चर्चा करावी'. आणि ज्याचा शेरा, त्यानेच तो काढायचा असा नियम आहे."

मेव्हण्याला पहिल्यांदाच जोर चढला. "एका वाक्यासाठी दोन वर्षं! ज्या बेजबाबदार माणसाने हे लिहिलं, त्याला जबर दंड व्हावा, अशी माझ्या अशिलाची मागणी आहे."

अशिलाने जोरात मान डोलावली.

"सही कुणाची आहे?" न्यायाधीशांनी विचारलं. बाईंनी फाइल अधीक्षकांसमोर सरकवली.

मागच्या बाकावरून अधीक्षकांची बायको चाचपडत पुढे आली आणि तिने कागदाला नाक लावलं. "अहो, हे तुमचंच."

"तुला दिसत नाही. मागे बस."

"दिसायला कशाला हवं? हा रफार बघा, पार वरच्या ओळीत गेलाय. पडदे बदलू का म्हणून चिठ्ठी ठेवली, त्यावर हेच. माहेरी जाऊ का विचारलं, त्यावरही हेच. आंधळी झाले तरी ओळखेन."

अधीक्षकांनी चष्मा लावला. तारीख निवृत्तीच्या दिवसाची होती. निरोप समारंभाला उशीर होत होता, म्हणून त्यांनी साठ फाइली न वाचता, हाच शेरा मारून निकालात काढल्या होत्या. त्यांतली एक त्यांची स्वतःची होती. मेव्हण्याने दंडाची मागणी हळूच मागे घेतली.

न्यायाधीश खुर्चीत मागे टेकले. "ठीक आहे. तुम्ही आहात, बाई आहेत. करा चर्चा."

बाईंनी घसा साफ केला. "साहेब, काय चर्चा करायची होती?"

अठ्ठावीस वर्षांत हा प्रश्न त्यांना कुणीच विचारला नव्हता. लोक शेरा बघून परत जात, आणि त्यासाठीच तो असे. अधीक्षक फाइल मिटून उठले. मग बायकोकडे बघून खालच्या आवाजात म्हणाले, "काही नाही."

"चर्चा झाली," न्यायाधीशांनी लिहून घेतलं, आणि महिन्याभरात पेन्शन सुरू झाली.

ऑपरेशनच्या दिवशी नर्सने संमतीचा कागद पुढे केला. अधीक्षकांनी खिशातलं पेन काढलं आणि सवयीने कागदाचा समास शोधू लागले. बायकोने अंदाजानेच त्यांचं मनगट घट्ट धरलं.

"नुसती सही," ती म्हणाली.