दर्या व्याह्यांच्या भेटीची हकीकत

टेकडीच्या गणपतीस दंडवत घालोन ही हकीकत लिहावयास घेतली असे. कारण ऐसें जें, शालिकराम व मैनाबाई उभयतांनीं दक्षिणेंत कोची बंदरावर जी मोहीम केली तिची महाल पेठेंत भलतीच कहाणी उठली. कोणी म्हणतो बाईंनीं बस अडविली, कोणी म्हणतो मार्गदर्शकास पाण्यांत लोटलें, आणि पानठेल्यावर तर अवघी बसच समुद्रांत गेली ऐशी वदंता आहे. सबब जैसें घडलें तैसें, तिखटमीठ न लावतां, लिहितों. नागपुरास हें अवघड, परंतु शर्थ केली आहे.

राजमान्य राजश्री शालिकराम हे मूळचे उमरेडचे विणकर. माग थांबले तेव्हां महालांत येऊन त्यांनीं लुगड्यां-पंच्यांचें इवलेसें दुकान थाटलें आणि तें इमानें चालविलें. मान ताठ, डोईवर पांढरी टोपी, आणि गिऱ्हाइकापुढें वाकणें ठाऊक नाहीं. लेकीचे बाप नसल्याकारणें व्याह्यापुढें वाकण्याचा प्रसंगही आयुष्यांत आला नाहीं. पुत्र एकच, चिरंजीव पियुष. ज्या शहरांत पाणी म्हटलें तर अंबाझरी आणि फार तर फुटाळा तलाव, त्या शहरचा हा पोर व्यापारी जहाजावर चाकरीस लागला आणि दर्यावर्दी जाहला. बंदर आलें कीं त्याचा फोन लागे, आणि जहाज खोल पाण्यांत गेलें कीं फोन मुका होई.

तेणेंकरून मैनाबाईंचे जिवास घोर लागला. त्यांणीं न्याय मांडला तो ऐसा: “पोरगी द्याची असती तं दहा ठिकानी चौकशी केली असती. अन् हे पोरगं देऊन टाकलं, पन ज्या घरी देलं ते घर म्या डोयानं पाह्यलं नाही. अजी, आपन एकडाव तरी जाऊन यायले पाहिजे.” म्हणजे दर्या हें लेकाचें सासर, आणि दर्या हेच व्याही, ऐसा निवाडा जाहला. शालिकराम त्यावर हंसले, परंतु रात्रीं त्यांसही झोंप नव्हती हें मैनाबाईंस ठाऊक होतें.

मग धरमपेठेंतील एका सहल कंपनीच्या केरळ स्वारींत नांवें घातलीं, आणि रसदेची तजवीज सुरू जाहली. सासरीं रित्या हातीं जाणें नाहीं, म्हणोन पियुषच्या आवडीचे डिंकाचे लाडू वळोन स्टीलच्या डब्यांत भरले, आणि शालिकरामांनीं मागावर अखेरीस विणलेला पंचा होता त्यांत डबा बांधिला. वर महालांतून सोललेला नारळ घेतला. केरळांत नारळ मिळतात ऐसा अर्ज शालिकरामांनीं नम्रपणें गुदरला. “मिळत असतीन,” बाई म्हणाल्या, “पन परक्या गावच्या नारळाचा काय भरोसा?” अर्ज खारीज जाहला.

या फौजेचे सरलष्कर पंकजपंत, धरमपेठेकडील तरणे गृहस्थ, हातीं संत्रारंगी छत्रीचें निशाण आणि गळ्यांत शिट्टी. शिट्टी वाजली कीं तमाम लष्करानें बसमध्यें शिरावें, ऐसा शिरस्ता. त्याच बसमध्यें कौसल्याबाई म्हणोन निवृत्त मुख्याध्यापिका होत्या. मैनाबाईंशीं त्यांचें पहिल्याच मुक्कामीं खिडकीच्या जागेवरून युद्ध जुंपलें, आणि दुसरें कारण तो डबा. तुपाचा वास बसभर दरवळे आणि डबा कांहीं उघडेना. मुन्नारच्या घाटांत भुकेनें कासावीस होऊन कौसल्याबाईंनीं एक लाडू मागितला, तो मिळाला नाहीं. “हे दुसऱ्याचं हाये जी,” इतकेंच उत्तर आलें. तेव्हांपासोन दोन्ही तळांत बोलणें बंद. मुन्नारचे चहाचे डोंगर मैनाबाईंनीं पाहिले न पाहिले ऐसे केले, कारण त्यांचें चित्त सारें पुढल्या मुक्कामीं.

अखेरचा दिवस कोचीचा. सकाळींच पंकजपंतांनीं फर्मान काढिलें जे, आधीं डच राजवाडा, मग जुन्या वखारी, मग पोर्तुगीजांचें देऊळ म्हणजे चर्च, मग चिनी जाळीं, मग मसाल्याचें दुकान, आणि संध्याकाळच्या आंत स्टेशन, कारण नागपूरची गाडी कोणासाठीं थांबत नाहीं. शालिकरामांनीं कान देऊन ऐकिलें आणि त्यांचें मन चरकलें. यादींत समुद्र नव्हता. विचारितां पंकजपंत म्हणाले, “काकाजी, अख्खं बंदरच हाये ना. समुद्र कुठं पळून जाते का? दिसन तो.”

मग कूच जाहलें. राजवाडा सर केला, तेथें भिंतींवरील रामायण पाहोन हात जोडिले. वखारींच्या गल्लींत सुंठ आणि मिऱ्यांच्या वासानें अवघी फौज शिंकूं लागली. मग जुन्या देवळांत गेले. तेथें पोर्तुगीजांचा जो दर्यासारंग सात समुद्र ओलांडोन आला तो याच गांवीं वारला आणि प्रथम येथेंच पुरला गेला, पुढें त्याच्या अस्थी मायदेशीं नेल्या, ऐसें पंकजपंतांनीं सांगितलें. बाकीचे फोटो काढण्यांत गुंतले. मैनाबाई तेवढ्या थडग्याच्या दगडापाशीं उभ्या राहिल्या. “घरी नेलं ना त्याले? बरं केलं,” म्हणाल्या, आणि पदरानें डोळे टिपिले. शालिकरामांनीं डबा या हातांतून त्या हातांत घेतला आणि मुद्दाम छताकडे पाहात राहिले.

तेथोन चिनी जाळ्यांचा मुक्काम. मोठाल्या वाशांवर ताणलेलीं जाळीं पाण्यांत उतरत होतीं, वर येत होतीं, आणि पुढें पाणी विस्तीर्ण, त्यांत होड्या आणि पैलतीरावर झाडी. मैनाबाईंनीं पंच्याची गांठ सोडावयास घेतली आणि सावधपणें एक प्रश्न केला: “काहून गा पंकज, हाच का समुद्र?”

पंकजपंत स्वभावें खरें बोलणारे, आणि त्या दिवशीं तेंच त्यांस भोंवलें. म्हणाले, ही खाडी, दर्याचें तोंड. खासा दर्या त्या वळणापलीकडे, किनाऱ्याकिनाऱ्यानें चालत जावें लागतें. बोलून गेले आणि जीभ चावली. लगेच शिट्टी फुंकली. मैनाबाईंनीं गांठ पुन्हां घट्ट आवळली आणि तेथेंच कांठच्या बांधावर बसकण मारिली.

पंकजपंत विनवूं लागले, “मावशी, इथंच टाका ना. पानी सगळं एकच हाये. इथून तिकडंच जाते.”

तेव्हां मैनाबाई बोलल्या तें या मोहिमेंतील मुख्य बोलणें होय. “माह्या लेकाचं सासर हाये ते. महिने-महिने तो तिथं राहते. व्याह्याच्या घरी जाऊन फाटकावरच्या चौकीदाराले डबा देऊन वापस येऊ का मी? तुह्या मायनं असं केलं असतं का?”

डब्यांतील लाडू कोणाचे, हें तमाम फौजेस तेव्हां उमगलें. पंकजपंतांची अवस्थाही कठीण. गाडी चुकली तर इतक्या माणसांस परक्या मुलखीं कोठें ठेवावें हा भार त्यांचे एकट्याचे माथीं, आणि तो खोटा नव्हता. त्यांणीं शिट्टी ओठांस लाविली. इतक्यांत कौसल्याबाई, ज्या बसच्या पायरीवर एक पाऊल ठेवोन उभ्या होत्या, त्या पाऊल मागें घेऊन खालीं उतरल्या.

“मी नाही चढत,” बाई म्हणाल्या. “लवंग-वेलची धरमपेठेतही मिळते. दुकान रद्द कर आणि तो वेळ ह्यांना दे. माझीही लेक दूर दिली आहे रे बाबा.”

मग काय विचारतां. एकामागोन एक सर्व बायका उतरल्या, आणि त्यांचे मागें पुरुषही, कारण त्यांस तसेंही मसाल्याचें दुकान नको होतें. सबब तह जाहला. मसाल्याचें दुकान मोहिमेंतून वगळावें, दर्याची भेट घ्यावी, आणि शिट्टी होतांच कोणीं रेंगाळूं नये, ऐशीं कलमें ठरलीं. मैनाबाईंचा गुडघा दुखरा, तरी एका बाजूस कौसल्याबाईंचा खांदा आणि दुसऱ्या बाजूस शालिकराम डब्यासह, ऐशी खासी स्वारी किनाऱ्याच्या वाटेनें निघाली. पुढें संत्रारंगी छत्री. वाटेंत खिडकीच्या जागेचा तंटा आपोआप मिटला, त्याचा वेगळा तह लिहावा लागला नाहीं.

वळण ओलांडिलें आणि दर्या दिसला.

आजवर पाणी म्हटलें कीं त्यास पैलतीर असतो ऐसा मैनाबाईंचा समज. येथें पैलतीर नव्हताच. लाट उठे, फुटे, आणि तिचे मागें दुसरी तयार. दूर क्षितिजावर एक मालाचें जहाज होतें, तें ज्वारीच्या दाण्याएवढें दिसत होतें. मैनाबाईंचे पाय वाळूंत रुतले. “एवढं मोठं हाये हे?” त्या हळूच म्हणाल्या. “अन् माहा पियुष तं एवढासा. अजी, वापस चला. मले नाही पाहवत.” आणि त्यांणीं तोंड फिरविलें.

इतका मुलूख तुडवोन, इतकें भांडोन, मोहीम दाराशीं येऊन फसते कीं काय, ऐसा समय आला. शालिकरामांसही भय वाटलें. खरें तर त्यांस बायकोहून अधिक वाटलें, कारण पोराच्या चाकरीस होकार त्यांणींच मोठ्या तोऱ्यानें दिला होता. ते क्षणभर उभे राहिले. मग जोडे काढिले, पाण्याचे कांठाशीं गेले, आणि जी टोपी दुकानांत भल्याभल्यांपुढें उतरली नव्हती ती डोईवरोन काढोन हातांत घेतली. लेकीचा बाप मांडवांत वाकतो तैसे कमरेंत वाकले.

“राम राम व्याहीबुवा,” म्हणाले. “आमी नागपूरचे. पियुषचे मायबाप. पोरगं साधं हाये. कामाले मागं सरत नाही, फक्त सकाळी लवकर उठत नाही. काही चुकलं-माकलं तं पोटात घाला. तुमच्या हवाली केलं हाये. सांभाळून घ्या जी.” आणि टोपीसकट हात जोडिले.

तें पाहोन मैनाबाई आल्या. गुडघाभर लाट आली तरी हालल्या नाहींत. डबा उघडोन एकेक लाडू पाण्यास दिला, जैसा पंगतींत वाढावा तैसा, आणि नारळ सोडिला. दर्यानें लाडू घेतले, परंतु नारळ पुढल्या लाटेसरशीं परत पायांशीं आणोन ठेविला. पुन्हां सोडिला, पुन्हां आला. व्याही मानपानावरून रुसले ऐसें कौसल्याबाईंचें मत पडलें. तेव्हां पंकजपंतांनीं छत्रीचें निशाण वाळूंत रोविलें, पाटलोण गुडघ्यापावेतों वर घेतली, आणि ज्या हातानें धंतोलीच्या मैदानावर क्रिकेटांत कैक गडी बाद केले त्या हातानें नारळ ऐसा फेंकला कीं तो लाटांपलीकडे जाऊन पडला आणि परत आला नाहीं. फौजेनें टाळ्या पिटिल्या. पंकजपंतांनीं शिट्टी वाजविली, परंतु ती आनंदाची होती असें मागाहोन कबूल केलें.

आतां डबा रिता. शेजारचें भांडें रितें परत करणें मैनाबाईंस कधीं ठाऊक नाहीं, आणि आपला डबा रिता न्यावा हेंही जिवावर आलें. त्या डबा विसळावयास वाकल्या तोंच मोठी लाट आली, आणि गेली तेव्हां डब्यांत वाळू होती, पाणी होतें, आणि एक पांढरा शिंपला होता. मैनाबाईंनीं झाकण लाविलें. “डबा रिकामा नाही धाडला जी,” नवऱ्यास म्हणाल्या, आणि त्या दिवसांत प्रथमच मनमोकळ्या हंसल्या.

गाडी मिळाली. पंकजपंतांचा एक पाय पायरीवर आणि एक फलाटावर होता तेव्हां ती हालली, तरी मिळाली. मोहिमेंत नुकसान म्हणावें तर मैनाबाईंची उजव्या पायाची चप्पल, ती व्याह्यांकडेच राहिली.

पुढें पियुषचें जहाज कुठल्याशा बंदरास लागलें आणि महालांत फोन वाजला. मैनाबाई म्हणाल्या, “तुह्या सासरी जाऊन आलो बापू. घर लय मोठं हाये. माणसं बरी वाटली. तुह्या बाबानं टोपी काढून हात जोडले, आता नीट राहाजो.” मग सारी हकीकत सांगितली. पलीकडून पोरानें विचारिलें, “लाडू सगळेच देले का वं माय?”

“सगळेच,” माय म्हणाली. “तुले पाहिजेत तं घरी ये.”

येणेंप्रमाणें कोची बंदराची मोहीम फत्ते जाहली, दर्याशीं सोयरीक पक्की जाहली, आणि शिंपला महालांत देवापुढें मांडिला गेला. डबा धुवोन पालथा घातला आहे. डिंक आणोन ठेविला आहे.