बिनसाखरेचा मत्स्यावतार

स्वयंपाकात अवघड असं काही नसतं, बायकांनी ते उगाच तसं भासवून ठेवलंय, असं माझं फार दिवसांचं मत होतं. पाणी उकळायचं, जिन्नस घालायचा, थंड करायचं. झालं! हे मत मी मनातच ठेवलं असतं तर आज ही हकीकत सांगायची वेळ आली नसती. पण पंचावन्न-छपन्न साली, आमच्या अंधेरीच्या घरात, भर चहाच्या वेळी मी ते मोठ्याने बोलून दाखवलं. आणि तेही कुणासमोर? अण्णांसमोर!

अण्णा म्हणजे माझे सासरे. निवृत्त शिरस्तेदार. औषधपाण्यासाठी सासूबाईंसह आमच्याकडे राहायला आले होते. त्यांना मधुमेह होता आणि त्या मधुमेहाबद्दल त्यांच्या मनात कमालीचा अनादर होता. सासूबाई साखरेचा डबा रोज नव्या जागी लपवायच्या आणि अण्णा तो रोज शोधून काढायचे. तांदळाच्या पिंपात, देव्हाऱ्यामागे, माळ्यावरच्या ट्रंकेत! लोकांनी दडवलेल्या जमिनी शोधण्यात ज्या माणसाची हयात गेली, त्याला डबा शोधणं म्हणजे काय हो! एकदा बसच्या रांगेत मी रेनकोटच्या खिशात हात घातला तर आत गुळाचा खडा आणि मुंग्यांचं अख्खं बिऱ्हाड! खडा सासूबाईंनी लपवला होता, अण्णांनी निम्मा खाल्ला होता, आणि दंश मात्र जावयाच्या वाट्याला आले होते.

पण गोष्ट हसण्यावारी नेण्यासारखी राहिली नव्हती. अण्णांच्या पायाच्या अंगठ्याला झालेली जखम काही केल्या भरेना. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं, "साखर गेली नाही, तर अंगठा जाईल."

"जाऊ दे," अण्णा शांतपणे म्हणाले. "मी सही करणारा माणूस आहे. अंगठा लागतोच कुठे मला?"

त्या दिवशी क्षमा, म्हणजे आमची बायको, मोरीत जाऊन रडून आली. म्हणून मी चहाच्या वेळी ते मत मांडलं.

"अण्णा, साखरेचा कणही न घालता गोड करून दाखवतो. खाल?"

"कोण करणार?"

"मी!"

सासूबाईंच्या हातातली बशी वाजली. क्षमा म्हणाली, "अहो, तुम्हाला चहाचं आधण कळत नाही!"

अण्णांनी मात्र डोळे बारीक केले. शिरस्तेदार जागा झाला. "गुरुवारी तिथीने माझा वाढदिवस. देवाला नैवेद्य दाखवायचा, त्यात गोड हवंच. ते तुम्ही करा, जावईबापू. मी दुसऱ्यांदा मागून घेतलं, तर त्या क्षणापासून साखर सोडली. नाही मागितलं, तर संध्याकाळी बासुंदी. आणि मग पुन्हा कुणी माझ्यासमोर अंगठ्याचं नाव काढायचं नाही."

एका वाटीवर एक अंगठा लागला!

माझा सगळा भरवसा लॉरेन्सवर होता. लॉरेन्स माझ्या ऑफिसातला, राहायला जवळच आंबोली गावठाणात. नाताळला त्याच्या बायकोने, आयडाने, थरथरणारी लाल जेली मला खाऊ घातली होती. तसला पदार्थ बशीत येऊन नुसता उभा राहिला तरी माणूस दुसऱ्यांदा मागेल! लॉरेन्सने जिलेटिनची पुडी दिली. मी ती विजयी मुद्रेने घरी आणली.

"कशाचं असतं हे?" सासूबाईंनी विचारलं.

मी दुसऱ्या दिवशी लॉरेन्सला विचारलं.

"हाडांचं," तो म्हणाला. "चामडी पण उकळतात. का रे?"

पुडी ज्या वेगाने आली त्याच्या दुप्पट वेगाने आंबोलीला परत गेली. पण आयडा हुशार बाई! "मग चायना ग्रास घे ना!" ती म्हणाली. "समुद्रातलं गवत हाय. हाड नाय, मास नाय. बर्फ पण नको, आपोआप गोठतं. आणि हा साचा ने. माझा भाऊ बोटीवर हाय, त्याने आणला. अजून एकदा पण वापरला नाय."

सासूबाईंनी चायना ग्रासचे पांढरे धागे उजेडात धरून पाहिले आणि निकाल दिला, "गवत चालेल. गाय खातेच." साचाही त्यांनी चिंचेने घासून, उन्हात तापवून, गंगाजल शिंपडून सोवळ्यात घेतला. आतून तो लांबट, नक्षीदार होडीसारखा दिसत होता. मी म्हटलं, झकास आहे!

गोडीसाठी मी सॅकरिनच्या गोळ्यांची बाटली आणली. केमिस्ट म्हणाला होता, कपाला एक.

गुरुवारी सकाळी आंघोळ करून, सोवळ्याचा रेशमी मुकटा नेसून मी शेगडीसमोर बसलो. चायना ग्रास विरघळलं. मोसंब्यांचा रस काढून ठेवला. कपांच्या हिशेबाने गोळ्या टाकल्या. आता प्रश्न एकच! गोड झालंय की नाही, हे कळणार कसं? नैवेद्य चाखायचा नसतो! देवाआधी जिभेला लावला की तो नैवेद्य राहतच नाही. सासूबाई दारातच उभ्या होत्या, त्यामुळे चोरून बोट बुडवायचीही सोय नव्हती.

तेवढ्यात फाटकाशी सायकलची घंटी वाजली. लॉरेन्स! "काय रे नंदू, जमतंय ना?"

सासूबाई फुलं आणायला वळल्या. शेगडी मंद करून, पातेल्यावर झाकण ठेवून मी बाहेर गेलो आणि सगळं किती सोपं आहे ते त्याला समजावून सांगितलं. सविस्तर सांगितलं. बायका काय काय थापा मारतात तेही सांगितलं. बिचारा दोनदा सायकलवर बसला आणि दोनदा उतरला.

परत येऊन मी रस मिसळला आणि मिश्रण साच्यात ओतलं. ओतता ओतता वाटलं, अंगठ्याचा मामला आहे, उगाच कमी नको पडायला! आणखी चार गोळ्या चुरून टाकल्या.

गोठलं! देवाशपथ गोठलं! मी चांदीच्या ताटात साचा उपडा केला, वरून थापटी मारली, साचा उचलला...

ताटात मासा होता.

खवले, कल्ले, शेपटी, वर बघणारा एक डोळा! पिवळसर रंगाचा, पाणीदार, आणि वर हलत होता! देव्हाऱ्यासमोर, पूर्ण सोवळ्यात, मी आमच्या सातपुडे घराण्याच्या नैवेद्याला पापलेट मांडला होता!

सासूबाई पाटावरच बसल्या. "अगं बाई! हा बघतोय माझ्याकडे!"

क्षमाने तोंडात पदर कोंबला. ती रडतेय की हसतेय ते मला आजतागायत कळलेलं नाही. माझी तर वाट लागली होती. एवढ्यात पूजेवरून अण्णा वळले. ताटाकडे पाहिलं. माशाने हलून त्यांना दाद दिली.

"मत्स्यावतार," अण्णा गंभीरपणे म्हणाले. "दहांतला पहिलाच. देव स्वतःचं रूप ओळखणार नाही होय? दाखवा नैवेद्य."

त्या माणसाच्या पायांवर डोकं ठेवावंसं वाटलं मला! पण अंगठा दुखेल म्हणून ठेवलं नाही.

पानं मांडली. रिवाजाप्रमाणे पहिला घास अण्णांचा. त्यांना डोक्याकडचा भाग वाढला. घर श्वास रोखून बसलं. अण्णांनी घास घेतला. तोंडात घोळवला. गिळला. चेहऱ्यावरची रेषही हलली नाही. वाटी शांतपणे संपवली आणि पुढे केली.

"वाढा."

मी जिंकलो होतो! क्षमाच्या डोळ्यांत पाणी आलं. मी दुसऱ्यांदा वाढलं. त्यांनी तेही संपवलं. पाठ ताठ, नजर समोर, एखादा निकाल वाचून दाखवावा तसं! मग मी ऐटीत स्वतःचा घास घेतला.

काडेचिराईत! कोयनेल! कडुनिंबाचं अख्खं झाड, मुळांसकट! माझ्या जिभेने तोंडातून बाहेर पडायची वाट शोधली. समोर क्षमा पाण्याच्या तांब्याकडे धावली, सासूबाईंनी दोन्ही हातांनी गाल धरले.

"गोळ्या किती घातल्यात? जास्त झाल्या की कडू होतात त्या!" क्षमा ओरडली.

"कपाला एक! आणि वर चार!"

"म्हणजे... तुम्ही घातल्या होत्या?"

"मग? नुसतं गवत उकळलं?"

"अहो, बाटलीला कापूस जिथल्या तिथे होता! झाकण लावलेलं, बाटली फळीवर! जन्मात कधी तुम्ही एक वस्तू जागेवर ठेवली नाहीत. मला वाटलं, उघडलीच नाही! मग मीच घातल्या, हिशेबाने, कपाला एक!"

सासूबाई पदर सारखा करू लागल्या. त्यांच्याकडे सगळ्यांच्या नजरा गेल्या.

"मी म्हटलं, एवढंसं ते साबुदाण्यासारखं, पातेलंभर पाण्याला पुरणार आहे का! दोन चिमट्या टाकल्या. बरं, चाखायचं तर नव्हतं."

मी अण्णांकडे बघितलं. "अण्णा, तुम्हाला कडू नाही लागलं?"

"लागलं."

"मग दुसऱ्यांदा का मागितलंत?"

अण्णांनी मिशा पुसल्या. "जावईबापू, या घरात गेले सहा महिने प्रत्येक जण माझ्यापासून गोड चोरून ठेवतोय. आज पहिल्यांदा सगळ्यांनी चोरून माझ्या वाटीत गोड घातलं. असली वाटी परत पाठवायला मी काय अंगठेबहाद्दर आहे?"

सासूबाईंनी डोळ्यांना पदर लावला. अण्णांनी शब्द पाळला, हे वाचकांना इथेच सांगून टाकतो. त्या दिवसापासून साखरेला शिवले नाहीत. जखम भरली आणि अंगठा शेवटपर्यंत ठणठणीत राहिला.

"आणि त्यात माझ्याही चार-सहा गोळ्या धरा," ते खालच्या आवाजात म्हणाले.

"तुमच्या?" मी उडालोच. "अहो, तुम्हाला तर मी हरायला हवा होतो! बासुंदी!"

"हवी होती ना! सकाळपासून नाकात वास येत होता तिचा. पण तुम्ही त्या फाटकाशी उभं राहून त्या लॉरेन्सला अशा काही बढाया मारत होता, की म्हटलं, हा माणूस हरला तर जन्मभर तोंड पाडून माझ्यासमोर जेवायला बसेल. ते कुणी बघावं?"

एवढं बोलून ते पाटावरून उठले, हात धुवायला निघाले, आणि दारातून वळून लेकीला म्हणाले,

"क्षमे, उद्या कारल्याची भाजी कर गं. जरा तोंड गोड करायचंय."