लांबच्याला आधी हाक

आमच्या शेजारची पोशीबाय देवांना दम भरायची. खंडोबाला जेजुरीहून यायला वेळ लागतो म्हणून त्याला सगळ्यात आधी हाक, आणि वेशीवरच्या मारुतीला सगळ्यात शेवटी. "लगीन केलं न्हायस, निदान जेवायला तरी ये!" असं त्याला ठणकावून सांगायची. देव आले, की "या, बसा, गोंधल करू नका!" हेच ती वऱ्हाडाला म्हणायची आणि कोंबड्यांनाही. एकदा गावच्या पाटलालाही म्हणाली, आणि तो निमूट बसला.

पोशीबाय धवलारीण होती. उरणकडच्या आम्हा आगरी लोकांत लग्न लावायचं ते धवलारणीनं. ती धवले, म्हणजे लग्नाची गाणी, गाते, देवांना बोलावते, दोन्ही घरच्या मेलेल्या माणसांना नाव घेऊन बोलावते, मग हार पडतात. एरवी विधवेला लोक मंडपात मागे बसवत. पोशीबाय ऐन तारुण्यात विधवा झालेली, पोटी मूल नाही, पण पहिला पाट तिचा. त्या पाटावर ती अशी बसायची, की लग्न हिचंच आहे असं वाटावं.

माझं लग्न ठरलं तेव्हा स्वातंत्र्य नुकतंच मिळालं होतं, आणि नवऱ्याच्या मामाला मुंबईच्या गोदीत नोकरी मिळाली होती. दोन्हींचा तोरा मामालाच जास्त. "आता भट आनायचा. धवले-बिवले बंद. मानसं हसतात," तो म्हणाला. बाबांनी मान डोलावली. मुलीच्या बापाची मान दुसरं काय करणार? पण माझी आई मी लहान असतानाच गेली होती. पोशीबायनं हाक मारली नाही, तर ती माझ्या लग्नाला येणार कशी?

लग्नाच्या दिवशी वऱ्हाड होड्यांनी आलं. पोशीबाय बोलावणं नसताना आली आणि मंडपाच्या मेढीला टेकून बसली. पायांत कोंबड्या घुटमळत होत्या, त्यांनाही काही बोलली नाही. त्याचीच मला जास्त भीती वाटली. अंतरपाट धरला गेला. भटजींची मंगलाष्टकं भराभर सरत होती. शेवटचं 'सावधान' झालं, अंतरपाट सरला, आणि मी हार खाली घेतला.

"माझ्या आयेला बोलवल्याबिगर मी हार घालनार न्हाय."

मामा लालेलाल झाला. "उठा रे! होड्या सोडा!" माणसं खरंच चपला शोधायला लागली. बाबांनी हात जोडले, मामापुढे की माझ्यापुढे ते त्यांनाच ठाऊक. तेवढ्यात नवरा बोलला. त्याचा आवाज मी तोवर ऐकलाही नव्हता.

"मामा, माझ्या बापासला पन बोलवायचाय."

भटजींनी घाम पुसला आणि स्वतःचा पाट पोशीबायकडे सरकवला.

"गंगे," तिनं माझ्या आईच्या नावानं सूर लावला, "मिठागरावरून हायेस तशी ये. पाय धुवायला पानी ठेवलंय." मी सगळ्यांदेखत हुंदके देऊन रडले. मग तिनं नवऱ्याला विचारलं, "तुझ्या बापासला काय आवडायचं?"

"ताडी."

"मंग उशिरा येल. थांबू."

मामासुद्धा हसला.

पाठवणीच्या वेळी तिनं माझा हात धरला. दम भरणारा तो आवाज कुठे गेला होता कोण जाणे. "पोरी, मी सगल्यांना हाका मारते. मी मेल्यावर मना कोन मारंल?" होडी सुटली.

परवा माझ्या लेकीचं लग्न झालं. धवलारीण शोधूनही मिळाली नाही, आता सगळीकडे भटजीच. पोशीबायलाही जाऊन बरीच वर्षं झाली. अंतरपाट धरण्याआधी मी भटजींना थांबवलं. मला गाता येत नाही, तरी उभी राहिले. आधी आईलाच बोलावणार होते. पण आईला निदान एकदा तरी हाक गेली होती. पोशीबायला आजवर कुणीच बोलावलं नव्हतं, म्हणजे तीच सगळ्यात लांब.

"पोशीबाय, ये," मी म्हणाले. "पहिला पाट तुझा. बस, आणि हवा तेवढा गोंधळ कर."