गजभियेंची बाजारातली आत्या

गजभिये सर नातं ठरल्याशिवाय कुणाच्या हातचं खात नसत.

सिंगापूरच्या बाजारात भाजी विकणारी, मासे कापणारी, नूडल्स उकळणारी प्रत्येक बाई ऑंटी आणि प्रत्येक पुरुष अंकल. आपण सगळे आल्या दिवसापासून तसंच म्हणायला लागतो आणि सुटतो. गजभिये सर सुटत नसत. "ऑंटी म्हणजे नेमकी कोण जी?" ते विचारायचे. "आत्या? मावशी? मामी? काकू? तिच्या हातचं खाऊन राहिलो न् ती आपली कोण लागते तेच माहीत नाही. याला काय अर्थ आहे बाप्पा?"

सर मूळचे नागपूरचे. जुरोंग आयलंडवरच्या एका केमिकल प्लांटमध्ये सेफ्टी इंजिनिअर. वय पन्नाशीचं, लग्न केलेलं नाही, बेडोकला आमच्या समोरच्याच ब्लॉकमध्ये एका खोलीत भाड्यानं राहायचे. आठवडाभर गळ्यात पास अडकवून कंपनीच्या बसनं जायचे-यायचे. आणि रविवारी सकाळी आठ वाजता आम्हा मराठी मंडळींना बेडोकचा बाजार दाखवायचे. फुकट. नवीन आलेली जोडपी असायची, पण जास्त करून असायचे त्यांचे आईवडील, जे तीन महिन्यांसाठी येतात, फ्लॅटमध्ये बसून पिठल्याभातावर दिवस काढतात आणि बाहेरच्या वासाला घाबरून खिडक्या लावून घेतात.

मी पहिल्यांदा गेले ती सासूबाईंना घेऊन. सर हातात मिटलेली छत्री उंच धरून केळीवाल्यापाशी उभे होते. आधी त्यांनी आम्हाला सेफ्टी ब्रीफिंग दिलं. बाहेर पडायचे रस्ते दोन, एक मागे, एक डावीकडे. फरशी ओली असते म्हणून तर याला वेट मार्केट म्हणतात, तेव्हा पळायचं नाही. कुणी हरवलं तर केळीवाल्यापाशी येऊन थांबायचं. सासूबाईंनी माझ्या कानात विचारलं, "आपण बाजारात चाललोय की विमानात?"

मग सर निघाले आणि नाती सांगत सुटले. मासेवाला मामा, कारण मागितल्यापेक्षा एक जास्तच टाकतो. नूडल्सवाला काका, तापट आहे, त्याच्या कामात बोलायचं नाही. कॉफीवाले व्याही, कॉफी कशीही असली तरी छान म्हणायची. डुकराचं मटण टांगलेल्या ठेल्यापाशी शाकाहारी मंडळींचे चेहरे बघून ते म्हणाले, "हे दूरचे. नमस्कार करा न् पुढे चला." आणि ड्युरियनवाल्यासमोर थांबून त्यांनी त्या काटेरी फळाला हात जोडले. "हे जावई. वर्षातून एकदा येतात, अंगाला हात लावता येत नाही, सगळ्या घराला त्यांचा वास येते, तरी कौतुक करा लागते."

मलाही त्यांनी नात्याशिवाय सोडलं नाही. "पुण्याच्या काय? मग तुम्ही माझी चुलतबहीण."

"चुलतच का?" मी जरा ताठ्यातच विचारलं.

"पुणं न् विदर्भ म्हणजे भाऊबंदकी जी. दुसरं काय असणार?"

हा फेरा संपायचा तो बाजाराला लागून असलेल्या खाऊगल्लीच्या, म्हणजे हॉकर सेंटरच्या, कोपऱ्यातल्या एका लहानशा ठेल्यावर. तिथं पंचाहत्तरीची एक चिनी बाई आंग कू क्वे करायची. लाल, चिकट, कासवाच्या आकाराची पारी आणि आत मुगाचं गोड पुरण. वाफवून केळीच्या पानाच्या तुकड्यावर ठेवलेलं. बाई दिसायला काटकुळी, बोलायला फटकळ. "आ गाज!" ती लांबूनच ओरडायची. "टॉक लेटर! ईट फर्स्ट लाह!"

"ही माझी आत्या," सर सांगायचे आणि त्यांचा आवाज जरा बदलायचा. आत्याच का, हेही ते प्रत्येक वेळी समजावून सांगत, आम्हाला मराठीत आणि तिला इंग्रजीत. पहिल्यांदा आले तेव्हा तिला 'गजभिये' म्हणता येईना. तीनचारदा प्रयत्न करून तिनं हात झटकला आणि म्हणाली, तू आ गाज. "आता सांगा, आपल्यात नाव कोण ठेवते? आत्या ठेवते. हिनं माझं नाव ठेवलं, झाली आत्या. न् हे क्वे हे लोक कधी वाटतात माहीत आहे? मूल महिन्याचं झालं की वाटतात. म्हणजे बारशालाच. आता बोला."

यावर सगळे क्वे घ्यायला हात पुढे करायचे. सासूबाईंनी मात्र विचारलंच, शाकाहारी आहे ना? "आत्याच्या हातचं असं विचारून खात नसतात," सर म्हणाले. पण मला नंतर कळलं, तेल कोणतं, सारण कशात परततात हे त्यांनी सलग तीन रविवार तिच्या मागे उभं राहून पाहिलं होतं. सासूबाईंनी त्या दिवशी तीन खाल्ले. परतीच्या वाटेवर म्हणाल्या, "वेडाच आहे तुझा तो चुलतभाऊ. पण पुरण चांगलं होतं." पुढे पुण्याला जाईपर्यंत त्या दर रविवारी गेल्या.

मी चेष्टा खूप केली त्यांची. आमच्या व्हॉट्सॅप ग्रुपवर मी त्यांच्या वंशावळीची चित्रंही टाकली. "सर, लिफ्ट दुरुस्त करणारा तुमचा कोण?" असं विचारायचे. ते रागावत नसत, विचार करून खरंच उत्तर द्यायचे.

मग एका रविवारी आत्याचा ठेला बंद होता. पुढच्याही रविवारी. शेजारच्या ज्यूसवाल्यानं सांगितलं, पडली, हॉस्पिटलमध्ये आहे, आता काही खरं नाही. सरांनी त्या दिवशी फेरा अर्धाच केला. मग मला म्हणाले, "ताई, माझ्यासोबत हॉस्पिटलात येता का? मला एकट्याला तिथं बोलता येणार नाही. एकदा भेटून घेतो फक्त."

गेलो. तिच्या वॉर्डात फक्त घरच्यांना सोडत होते. काउंटरवरच्या मुलीनं फॉर्म पुढे केला. पेशंटशी नातं, असा एक रकाना होता. सरांनी स्वच्छ अक्षरात लिहिलं, नेफ्यू. मुलीनं फॉर्म बघितला, मग त्यांचा काळासावळा नागपुरी चेहरा बघितला आणि तिला हसू आवरेना. "अंकल, डोन्ट जोक लाह." सर गंभीरपणे म्हणाले, जोक नाही, मी भावाचा मुलगा, बहिणीचा नाही. तिनं विचारलं, भावाचं नाव काय? सरांनी पेन खाली ठेवलं. मागे रांग वाढत होती. मी त्यांच्या दंडाला धरून बाजूला आणलं.

बाहेर बसस्टॉपवर बसलो. दोन बस गेल्या तरी ते उठले नाहीत.

"मी चार वर्षांचा असताना आईवडील गेले," ते म्हणाले. "वसतिगृहात वाढलो. सुट्टी झाली की पोरं आपापल्या नातेवाइकांकडे जायची. परत आली की मी विचारायचो, मामा कोण असते, काका कोण असते, फरक काय असते. ते सांगायचे, मी पाठ करायचो. सगळी नाती तोंडपाठ आहेत मला. कोणी लागत मात्र नाही."

मला तेव्हा माझीच लाज वाटली. ती वंशावळीची चित्रं मी घरी गेल्यावर काढून टाकली, पण सगळ्यांनी ती केव्हाच पाहिली होती.

पुढच्या आठवड्यात आत्या गेली, ज्यूसवाल्यानं कळवलं. त्यांच्याकडे अंत्यविधी होईपर्यंत दोनतीन दिवस ब्लॉकच्या खालच्या मोकळ्या जागेत शव ठेवतात, तंबू घालतात, गोल टेबलं मांडतात, येणाऱ्यांपुढे शेंगदाणे आणि गोड सरबतं ठेवतात. आम्ही रविवारी सकाळी गेलो. सर पांढरा शर्ट घालून आले होते. भिक्खू त्यांच्या भाषेत काही म्हणत होते. सरांनी हात जोडून हलक्या आवाजात त्रिशरण म्हटलं आणि मागे येऊन उभे राहिले.

घरच्या माणसांच्या उजव्या बाहीवर कापडाचा एकेक चौकोनी तुकडा टाचलेला होता. मुलांचा काळा, नातवंडांचा निळा. नात्याप्रमाणे रंग. आम्हा पाहुण्यांना फक्त लाल दोरा मिळाला होता. सर त्या तुकड्यांकडे बघत राहिले. मला ते बघवेना.

तेवढ्यात आत्याची थोरली मुलगी आमच्याजवळ आली. पन्नाशीची असेल. तिनं सरांना विचारलं, "यू आर हू, आ?"

ज्या माणसानं दहा वर्षं अख्ख्या बाजाराला नाती वाटली, तो खाली मान घालून म्हणाला, "कस्टमर."

मला राहवलं नाही. मी मध्ये पडले. म्हटलं, आमच्या भाषेत वडिलांच्या बहिणीला आत्या म्हणतात, हे तुमच्या आईला आत्या म्हणायचे. "फादर्स सिस्टर?" ती म्हणाली. "दॅट वन गूगू. मदर्स सिस्टर वी कॉल डिफरंट." सरांनी मान वर केली. त्यांच्यातही दोन वेगळे शब्द होते.

मुलगी सरांच्या आणखी जवळ आली. मग हळूहळू सांगायला लागली. आई दर रविवारी पहिल्या वाफेतले क्वे डब्यात बाजूला काढून ठेवायची, कुणाला हात लावू द्यायची नाही. म्हणायची, माझ्या भावाचा मुलगा येणार आहे. "माय मदर गॉट नो ब्रदर," मुलगी म्हणाली. आईला भाऊ नव्हताच. घरच्यांना वाटलं, म्हातारीला भ्रम होतोय. डॉक्टरलाही दाखवलं. औषध चालू केलं. ती औषध घ्यायची आणि रविवारी पुन्हा डबा भरायची.

तिनं आपल्या भावाला हाक मारली. दोघं आपापसांत काही बोलले. मग तिनं एका खोक्यातून निळा तुकडा काढला आणि सरांच्या उजव्या बाहीवर टाचणीनं लावला. भाच्यांचा रंग कुठला ते मला माहीत नाही, बहुधा तिलाही खात्री नव्हती. सर ताठ उभे राहिले होते, शाळेत बिल्ला लावून घेताना मुलं राहतात तसे.

थोड्या वेळानं ते माझ्या टेबलापाशी आले. "ताई, घरात असं झालं की काय करतात जी? कळवतात ना?"

"हो. जवळच्यांना फोन करतात."

ते फोन घेऊन तंबूच्या दुसऱ्या टोकाला गेले. पाठमोरे उभे राहून नंबर शोधत होते. खूप वेळ शोधत होते. मी सरबताचा पॅक हातात धरून बसले होते, तर माझाच फोन वाजला.

"हॅलो, गजभिये बोलून राहिलो," तिकडून आवाज आला. "एक वाईट बातमी आहे. माझी आत्या गेली."

मी सरबताचा पॅक खाली ठेवला. अशा वेळी विचारतात ते विचारायलाच हवं होतं.

"अरे देवा. कधी?"

"परवा."

"आजारी होत्या का?"

"हाव. दोनतीन आठवडे."

"शेवटची भेट झाली का तुमची?"

"नाही झाली," ते म्हणाले आणि इतक्या दिवसांत पहिल्यांदा रडले. त्यांचे खांदे हलताना मला इथून दिसत होते.

"थांबा, मी येते," मी म्हटलं. फोन ठेवला, उठले आणि तीन टेबलं ओलांडून त्यांच्याकडे गेले.