खीर निवेपर्यंत

हिलाल आप्पांच्या घरी खीर खायला गेलेल्या माणसाच्या चपला चोरीला जात नाहीत, जमा होतात. खीर गॅसवरून उतरली की आप्पा हातात घमेलं घेऊन ओट्यावर येतात. पाहुण्यांच्या चपला त्यात गोळा करतात, मोटारसायकलच्या किल्ल्या मागून घेतात आणि सगळं आत नेऊन कोठीच्या खोलीला कडी लावतात. वर सांगतात, "गाड्या डेपोमा जमा." मग खीर निवते, तिच्यात गुलाबपाणी पडतं, वाट्या फिरतात, वाट्या रिकाम्या होतात आणि त्यानंतर घमेलं बाहेर येतं. एकदा एका पुढाऱ्याचा माणूस घाईत आला होता. तोही अनवाणी बसला.

आप्पा शहाद्याच्या एसटी स्टँडवर कंट्रोलर होते. कोणती गाडी कुठल्या फलाटावर लागेल ते जाळीच्या खिडकीमागून माईकवर सांगायचं, हे त्यांचं काम. त्याच स्टँडवर मी डोक्यावर पाटी घेऊन बसच्या खिडक्यांखाली केळी विकत पळायचो. आज माझ्या केळीचे ट्रक दिल्लीला जातात. कोणाच्या मेहरबानीने नाही. भाव करण्यात मला आजवर कोणी हरवलेलं नाही. अपवाद एकट्या हिलाल आप्पांचा, आणि तोही एका वाटीभर खिरीत.

माझं त्यांच्याशी भांडण आहे, हे आधीच सांगून टाकतो. भिंतीला भिंत लागून आमची घरं. पण इतक्या वर्षांत गुलाबपाणी घातलेली खीर मला कधी मिळाली नव्हती. सगळ्या गल्लीला मिळाली. माझ्या बायकोला मिळाली. माझी मुलगी अश्विनी त्यांच्याकडून परत यायची तेव्हा तिच्या बोटांनासुद्धा वास असायचा. माझ्या वाटीत मात्र नेहमी गरम, बिनवासाची खीर. का? तर मी थांबत नाही म्हणून. झाडावरून घड उतरला की तो पिकायची घाई करतो. केळीवाल्याने थांबून कसं चालेल? आप्पांचं घमेलं दिसताच मी चपला पायात घालून ओट्याच्या खाली उभा राहायचो.

"आप्पा, मन्ही वाटीमा आतेच दोन थेंब टाका. मी उभ्या उभ्याच खासू."

"गरम खीरमा गुलाबपानी टाकं का वास उडी जास, भटू."

"उडू द्या. मन्हा हिस्सानाच उडी ना?"

"तुन्हा हिस्साना उडी, पन बदनामी मन्ही खीरनी व्हई."

या माणसाशी सौदा होत नाही. तुम्ही भाव वाढवा, पाडा, उठून जायचं नाटक करा, आप्पा एकच बोलतात, "लागी नं भो, बठ." लागेल, बस. नोकरीभर त्यांना एकच प्रश्न विचारला गेला, गाडी कधी लागेल. आणि त्यांनी एकच उत्तर दिलं. आता खिरीबद्दल विचारा, पावसाबद्दल विचारा, पोराच्या नोकरीबद्दल विचारा. लागी नं भो, बठ.

खीर करतानाही डोक्यात एसटीच. तांदूळ भिजवून, सुकवून, जाडसर भरडायचे. म्हशीचं दूध मंद आचेवर ठेवायचं. गल्लीतल्या कोणी सुनेने गॅस मोठा करायचा सल्ला दिला की म्हणतात, "विनाथांबा गाडी नही चालनार, माय. दूध तळले लागी जाई. आपली साधी गाडी. हर फाट्यावर थांबनारी." आणि खरंच प्रत्येक उकळीला थांबून ते उलथणं तळापासून फिरवतात. दूध आटून साईसारखं होतं, तांदळाचा कण नुसता जिभेला कळेल इतका उरतो, मग साखर. वेलची त्यांना वर्ज्य. वेलची म्हणजे म्हणे हॉर्न. तो वाजला की अनाउन्समेंट ऐकू येत नाही.

गुलाबपाणीही विकतचं नाही. अंगणात गावठी गुलाबाची झुडपं आहेत. थंडीत पाकळ्या पाण्यात उकळायच्या, मध्ये वाटी ठेवायची, वर पातेल्याचं झाकण उलटं घालून त्यात गार पाणी ओतायचं. वाफेचे थेंब झाकणावरून वाटीत पडतात. आता आपल्या जिल्ह्यात उलटं झाकण, वाफ आणि टपटपणारे थेंब म्हटल्यावर माणसाच्या मनात गुलाब येत नाही, मोहाची दारू येते. कोणीतरी खबर दिली, की रिटायर कंट्रोलर घरात गाळी ऱ्हायना. दोन पोलीस आले. एकाने बाटली हुंगली, दुसऱ्याकडे दिली, दुसऱ्याने हुंगली. आप्पा म्हणाले, "आते उनात तं खीर खाईसनच जा." बूट जमा झाले. जीप तासभर गल्लीत उभी होती आणि आख्खी गल्ली दाराच्या फटीतून आप्पांना अटक व्हायची वाट पाहत होती. शेवटी पोलीस मिशा पुसत बाहेर आले. त्या पोलिसांनासुद्धा वासाची खीर मिळाली. माझा राग वाढला तो तिथून.

आणि मग अश्विनीचं ठरलं. मुलगा तळोद्याचा, शिकलेला. दोघांची आधीच पसंती होती. सुपारी फोडून लग्न कुठे नि कसं ते ठरवायचं, एवढंच बाकी होतं. अश्विनीने हट्ट धरला की पाहुण्यांना आप्पांची खीर हवी. आप्पांना सांगितलं तर म्हणाले, "खीर स्टँड सोडत नही. पाव्हनासले आठे आन." ऐन वैशाखात मी माझ्या नव्या घरातला एसी सोडून व्याह्यांना शेजारच्या ओट्यावर, पत्र्याच्या सावलीत बसवलं. एवढी माघार मी कधी दिल्लीच्या व्यापाऱ्यासमोरसुद्धा घेतली नव्हती.

होणारे व्याही वसंत नाना, ऊसवाले शेतकरी. माझ्यासारखेच तापट, हे पाच मिनिटांत कळलं.

"लगीन आमना दारमा लागी," नाना म्हणाले. "आमना घरनी रीत शे."

"मन्ही एकच आंडेर शे, नाना. लगीन मन्हा दारमा." लेक एकुलती एक, मी कशाला सोडतो?

"रीत म्हंजे रीत."

"रीत तुमनी. आंडेर मन्ही."

"मंग दुसरा नवरदेव देखा!"

"देखसू!"

शब्द तोंडातून गेला आणि आतल्या खोलीत बांगड्या वाजायच्या थांबल्या. अश्विनी दाराआड होती. मला ते कळत होतं. पण सौद्यात एकदा उठून उभा राहिलेला माणूस आधी बसला तर मेला. मी बसलो नाही. नानाही उभे राहिले. "चाला रे," आपल्या माणसांना म्हणाले, "गाडी काढा."

गाडीची किल्ली नव्हती. चपला नव्हत्या. आमचं भांडण रंगात आलं तेव्हा आप्पांनी घमेलं फिरवून घेतलं होतं. नाना रागाने तसेच ओट्यावरून उतरले. खाली अंगणात शहाबादी फरशी, वर शहाद्याचं ऊन. एक पाऊल ठेवलं, दुसरं ठेवलं, आणि तो सहा फुटी माणूस तव्यावरच्या लाहीसारखा उडून परत ओट्यावर आला. मला हसू आलं, पण माझ्याही पायात काही नव्हतं. त्या दिवशी यजमान म्हणून मला चपला काढाव्या लागल्या होत्या.

तेवढ्यात आप्पा दारात आले. खांद्यावर पंचा, हातात उलथणं. ते तोंडासमोर धरून त्यांनी स्टँडवरचा तो आवाज काढला, नाकातून येणारा, शुद्ध मराठीतला:

"प्रवाशांनी इकडे लक्ष द्यावे. शहादा-तळोदा गाडी काही कारणास्तव उशिरा सुटेल. प्रवाशांनी कृपया बसून घ्यावे."

नानांचा भाऊ खो-खो हसला. नानांनी त्याच्याकडे डोळे वटारले. "कितला उशीर?"

"खीर थंडी व्हस तवलोंग. लागी नं भो, बठ."

बसलो. दुसरं करणार काय? नाना एका खांबाला टेकून, मी दुसऱ्या. तोंडं विरुद्ध दिशेला. वैशाखात खीर निवायला किती वेळ लागतो, हे ज्याने अनुभवलं नाही त्याला सांगून कळणार नाही. पंखा गरम वारा फेकत होता. माणूस रागावून रागावून किती रागावणार? शेवटी घाम पुसत नाना कोणालाच उद्देशून नाही असं बोलले, "मन्ही माय खाटवर शे. कंबर मोडेल शे तिनी. दारमा लगीन लागी तं तेवढं देखी."

मी मान वळवली. म्हणजे रीत नव्हती, आई होती. हे आधी का नाही सांगितलं? पण मी तरी कुठे सांगितलं होतं? मग मीही बोललो. याच गावात मी पाटी डोक्यावर घेऊन फिरलो. ज्यांनी मला तेव्हा खिडकीतून हाकललं, त्यांनी माझ्या दारात मांडव बघावा, एवढीच माझी हौस.

नानांनी तोंड माझ्याकडे वळवलं. आणि माझं डोकं धंद्याला लागलं.

"नाना," मी म्हणालो, "एक ओरखडा न पडू देता मी केळी दिल्लीले पोचाडस. तुमनी माय तळोदाथीन शहादाले नही आनाव? ट्रकमा गाद्या टाकसू, खाट दोरीवर टांगसू, वर ताडपत्री. मांडवमा पयली खाट तिनीच."

नानांच्या मिशा हलल्या. "मन्ही मायले तू केळीना घड समजनास का रे?"

"तेनापेक्षा जपीसन आनसू."

ते असे हसले की आतून बायका बाहेर आल्या. लग्न माझ्या दारात ठरलं. सुपारी फुटली. आणि नेमकं तेव्हाच आप्पांनी पातेलं बाहेर आणलं, बाटलीचं बूच काढलं आणि सगळ्यांदेखत गुलाबपाणी ओतून एकदाच ढवळलं.

माझी वाटी. पहिल्यांदा वास आला, मग गारवा, मग साईची गोडी आणि घास गिळून झाल्यावर पुन्हा वास, जणू कोणी गुलाब घेऊन बोळातून निघून गेलं. मी दुसरी वाटी मागितली. तिसरी मागितली. इतक्या वर्षांची थकबाकी होती, मी सोडणारा नव्हे. दाराआडून बांगड्यांचा आवाज परत सुरू झाला होता.

पाहुण्यांना चपला मिळाल्या, गाडी सुटली. मी रिकामं पातेलं उचलून आप्पांच्या मागे स्वयंपाकघरात गेलो. खीर उतरल्यावर तिथे ते कोणाला येऊ देत नाहीत; त्या दिवशी हात भरलेले म्हणून विसरले. गॅसच्या ओट्याशेजारी फ्रिज होता, चांगला मोठा, सुरतला राहणाऱ्या त्यांच्या मुलाने घेऊन दिलेला. मोरीत पाण्याची पिंपं भरलेली. परातीत गार पाणी घेऊन पातेलं त्यात ठेवलं असतं तर खीर हां हां म्हणता निवली असती. आणि जिथे पातेलं ठेवलेलं होतं, तिथे जमिनीवर घडी घातलेली गोधडी होती. तिच्यावर पातेल्याचा गोल उमटला होता. दुसरी गोधडी बाजूला पडली होती, वरून पांघरायची. मी हात लावला. अजून गरम होती.

भर वैशाखात हा माणूस खीर गोधडीत गुंडाळून ठेवत होता. निवू नये म्हणून.

आप्पांनी माझा हात गोधडीवर पाहिला. थोडा वेळ पातेलं घासायचं निमित्त केलं. मग पाठमोरेच म्हणाले, "स्टँडनी खिडकीवर समदा यायेत, भटू. समदा बोलेत. पन उभ्या उभ्या. एक पाय गाडीकडे. कोनी बठनं नही."

समोरच्याची चाल कळली की ती बोलून दाखवायची नसते, हे मला धंद्याने शिकवलंय. मी गोधडीची घडी नीट केली आणि जिथे होती तिथे ठेवली. बाहेर आलो. ओट्यावर माझ्या चपला एकट्याच उरल्या होत्या. ट्रक भरायचा होता, फोन वाजत होता. मी चपला उचलल्या, खिशातली गाडीची किल्ली त्यांच्यावर ठेवली आणि घमेल्यात टाकून घमेलं आत सरकवलं.

"आप्पा," खांबाला टेकून मी हाक मारली, "गाडी कवय लागी?"

पातेल्यात खिरीचा कण उरलेला नव्हता. आप्पा पंच्याला हात पुसत बाहेर आले, घमेल्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि दुसऱ्या खांबाला टेकून बसले.

"लागी नं भो," म्हणाले. "बठ."